दानपत्र खोटंच, पण फिरणारी गोष्टही खरी नाही

दर काही महिन्यांनी एक मजकूर फिरत फिरत माझ्या फोनवर येतो. त्याचा सारांश असा: ‘सम्राट कॉन्स्टंटाइननं पश्चिमेचं अख्खं साम्राज्य पोपला दान दिलं, असा खोटा कागद चर्चनं रचला. पोपचं राज्य सातशे वर्षं त्यावरच उभं होतं. कुणाला शंकासुद्धा आली नाही. १४४० मध्ये लोरेन्झो वाल्ला या पंडितानं निव्वळ व्याकरणाच्या जोरावर तो उघडा पाडला. चर्चनं त्याचा छळ केला, पण राज्य कोसळायचं ते कोसळलंच. आणि पोर्तुगीजांना गोवा मिळाला तो याच कागदाच्या जिवावर.’

चौथ्या शतकातल्या या रोमन सम्राटाच्या नावावरचा कागद, म्हणजे ‘कॉन्स्टंटाइनचं दानपत्र’, खोटा, एवढं खरं. यावर आज कॅथलिक अभ्यासकही वाद घालत नाहीत. बाकीच्या मजकुराकडे मात्र जरा निवांत बघू.

‘पोपचं राज्य या कागदावर उभं होतं.’ ते उभं होतं फ्रँकांच्या, म्हणजे आजच्या फ्रान्स-जर्मनीच्या भागातल्या राज्यकर्त्यांच्या, तलवारीवर. ७५१ मध्ये उत्तर इटलीतल्या लोम्बार्ड राज्यकर्त्यांनी राव्हेन्ना शहर घेतलं आणि त्यांचा डोळा रोमवर गेला. तेव्हा पोप दुसरा स्टीफन आल्प्स ओलांडून फ्रँकांचा राजा पेपिन याच्या दारी गेला. पेपिननं दोन स्वाऱ्या केल्या आणि जिंकलेला मुलूख ७५६ मध्ये पोपच्या हवाली केला. दानपत्र रचलं गेलं ते साधारण ७५० ते ८५० या शंभर वर्षांत कधीतरी. ते रोमच्या दफ्तरात रचलं की फ्रँकांच्या एखाद्या मठात, यावर अभ्यासक अजून भांडतात. ७७८ मध्ये पोप पहिला एड्रियन यानं पेपिनचा मुलगा शार्लमेन याला लिहिलेल्या पत्रात त्याचा सूर ऐकू येतो, असं काही जण म्हणतात. एखाद्या पोपनं त्यातले लांबलचक उतारे देऊन ते ठळकपणे पुढे केलं ते मात्र १०५४ च्या सुमारास, नवव्या लिओनं. तेही कॉन्स्टँटिनोपलच्या धर्मप्रमुखाशी ‘मोठा कोण’ या वादात; जमिनीचा प्रश्न तिथे मुख्य नव्हताच. थोडक्यात, कब्जा एका वाटेनं आला आणि कागद दुसऱ्या. ज्यांनी घरातला जमिनीचा वाद जवळून पाहिलाय, त्यांना हे नवं वाटणार नाही.

‘कुणाला शंकाही आली नाही.’ १००१ मध्येच जर्मन सम्राट तिसरा ओट्टो यानं पोपला आठ परगणे देताना सनदेत स्पष्ट लिहिलं, की कॉन्स्टंटाइनच्या नावानं सोनेरी अक्षरांत जे लिहून ठेवलंय ते बनावट आहे; मी देतो ते माझं आहे म्हणून देतो. ज्या पोपला दिलं त्याचं नाव काय? दुसरा सिल्व्हेस्टर. म्हणजे दानपत्रात ज्याला दान मिळतं त्या पोपचं, पहिल्या सिल्व्हेस्टरचंच, नाव घेतलेला. (ओट्टोची ही सनदच खोटी नाही ना, यावरही पंडितांची बराच काळ जुंपली होती! आता ती बहुतेकांना अस्सल वाटते.) वाल्लाच्या सात वर्षं आधी, १४३३ मध्ये, निकोलस ऑफ कूसा यानं जुने इतिहासग्रंथ धुंडाळून लिहिलं, की एवढ्या मोठ्या दानाचा त्या काळच्या कुणाच्याच लेखनात मागमूस नाही. हा कूसा चर्चमधलाच कायदेपंडित. पुढे तो कार्डिनल झाला.

आता व्याकरणाचा मुद्दा. इथे वाल्लाला पुरेपूर मान द्यायला हवा, कारण या कामात तो खरोखर बेफाम आहे. दानपत्रात सम्राट म्हणतो, ‘आमच्या सर्व क्षत्रपांसह आणि सिनेटसह’ आम्ही हे ठरवलं. वाल्ला तिथेच आरोळी ठोकतो: क्षत्रप? रोमन सिनेटच्या ठरावात क्षत्रपांचं काय काम? ते इराणच्या बादशहाचे सुभेदार! पेशव्यांच्या सनदेत एखाद्या कलेक्टरची सही निघावी, तसला हा प्रकार. पुढे सम्राट आपल्या डोक्यावरचा, शुद्ध सोन्याचा आणि रत्नजडित मुकुट पोपला देतो. वाल्ला कागद रचणाऱ्याला म्हणतो, अरे गाढवा, त्या काळचं ‘डायडेम’ म्हणजे कापडाची किंवा रेशमाची पट्टी असायची. तू तुझ्या काळातले राजे बघून लिहितोयस. आणि सगळ्यात मजेदार चूक: दानपत्र आधी कॉन्स्टँटिनोपलच्या धर्मपीठाला रोमच्या अधिकाराखाली ठेवतं, आणि शेवटाकडे तोच सम्राट सांगतो, की बायझँटियमच्या प्रांतात माझ्या नावाचं एक शहर आता वसवणार आहे. जे शहर अजून वसायचंय, त्याचं धर्मपीठ आधीच ताब्यात!

पण ‘निव्वळ व्याकरण’? वाल्लाचं ते लिखाण उघडून पाहिलं तर पहिला बराच भाग म्हणजे भरकोर्टातली वकिली आहे. तो कॉन्स्टंटाइनच्या मुलांना बोलायला लावतो, सिनेटला लावतो, खुद्द पहिल्या सिल्व्हेस्टरला लावतो: ‘महाराज, मला हे नको.’ मग अस्सल कोर्टातला सवाल येतो. दान झालं म्हणता, तर ताबा कधी घेतला? सिल्व्हेस्टरनं कुठल्या प्रांतावर कोण अधिकारी नेमला? कॉन्स्टंटाइननंतर इटलीवर त्याचे मुलगे आणि पुढचे सम्राटच राज्य करत होते, हे तर इतिहासात आहे. माझ्या मते हाच त्याचा सर्वांत जड घाव. शब्दांची चूक नकलकाराच्या माथी मारता येते, न घेतलेला ताबा कुणाच्या माथी मारणार? आणि वाल्लानं जुनं चर्मपत्र उजेडात धरून शाई तपासली, असं जे चित्र मनात येतं तेही सोडून द्यावं. सम्राटाच्या सहीचं मूळ पत्र कधी कुणी पाहिलंच नव्हतं. त्याच्यापुढे होता तो ग्रेशियननं बाराव्या शतकात केलेल्या धर्मकायद्याच्या संग्रहात मागाहून घुसलेला मजकूर. चर्मपत्र, अक्षर, शिक्का, मायना यावरून सनद तपासण्याचं शास्त्र जाँ माबियों यानं १६८१ मध्ये बांधलं. तो स्वतः बेनेडिक्टाइन संन्यासी होता. आणि त्याला ते बांधावं लागलं ते सनदा खोट्या ठरवायला नव्हे. पॅपेब्रोक नावाच्या जेझुइट पाद्र्यानं सरसकट जुन्या सनदांवर संशय घेतला, तेव्हा अस्सल कोणत्या हे दाखवायला. पॅपेब्रोकनं नंतर पत्र लिहून मोकळ्या मनानं हार कबूल केली. आपल्याकडच्या वादांत अशी पत्रं फार थोडी सापडतील.

‘चर्चनं छळ केला.’ वाल्ला हे लिहीत होता तेव्हा तो ॲरागॉनच्या अल्फोन्सो राजाच्या पदरी होता, आणि नेपल्सच्या गादीवरून अल्फोन्सोची पोप चौथा युजीनियस याच्याशी चुरस चालली होती. मालकाच्या शत्रूविरुद्ध केलेलं लिखाण, हे विसरून चालत नाही. त्यानं मुद्दे खोटे ठरत नाहीत, पण ‘एकटा निःस्वार्थी पंडित’ ही मूर्ती थोडी तडकते. १४४४ मध्ये नेपल्समध्ये त्याची धर्मचौकशी झाली खरी. पण तिथे मुख्य वाद धर्ममताचा होता. येशूच्या बारा प्रेषितांनी एकेक वाक्य सांगून ‘प्रेषितांचा विश्वासांगीकार’, म्हणजे ख्रिस्ती श्रद्धेची कबुली, रचला, ही समजूत त्यानं नाकारली होती. राजानं मध्ये पडून चौकशी थांबवली. युजीनियस वारल्यावर नव्या पोपनं, पाचव्या निकोलसनं, १४४८ मध्ये वाल्लाला आपल्या दफ्तरात लेखनिक नेमलं. पुढच्या पोपच्या हाताखाली तो चिटणीस झाला. १४५७ मध्ये वारला तेव्हा पुरला कुठे? रोमच्या लॅटेरन चर्चमध्ये. दानपत्रात कॉन्स्टंटाइन जो राजवाडा पोपला देतो, तो हाच लॅटेरनचा! पुस्तकावर बंदी आली, पण १५५९ मध्ये, म्हणजे मेल्यावर शंभर वर्षांनी. तोवर ते पोपविरोधी लुथरपंथीयांच्या हातात पडलं होतं.

‘राज्य कोसळलं.’ २० सप्टेंबर १८७० ला इटलीच्या सैन्यानं रोमच्या पोर्ता पिया वेशीजवळ तटाला भगदाड पाडलं, तेव्हा. वाल्लानंतर ४३० वर्षांनी, आणि तोफांनी. मधल्या काळात पोप दुसऱ्या ज्युलियसनं उलट मुलूख वाढवला. वाल्लाचं पुस्तक छापून झाल्यावरही चित्रकार राफाएलच्या शिष्यांनी व्हॅटिकनच्या भिंतीवर हेच दान ऐटीत रंगवलं. १६०० च्या आसपास चर्चचा इतिहासकार कार्डिनल बॅरोनियसनं दानपत्र बनावट असल्याचं लिहून दिलं, तरी पोपच्या एका गावाचा सारासुद्धा बुडाला नाही.

राहिला गोवा. १५१० मध्ये अल्बुकर्कनं तो आदिलशाहीकडून घेतला तो आरमाराच्या जोरावर. पोर्तुगीजांच्या मागे पोपचा कागद होता, हे मात्र नाकारता येत नाही. पण तो हा नव्हे. १४५५ च्या आज्ञापत्रानं पोर्तुगालला आफ्रिकेच्या किनाऱ्यानं पुढच्या सागरी प्रदेशांचे हक्क मिळाले, आणि त्यात अधिकार सांगितला तो पोपपदाचा. आज्ञापत्र अस्सल, शिक्कामोर्तब झालेलं. काढणारा पोप पाचवा निकोलस, वाल्लाला पगारावर ठेवणारा.