तुम्ही नवीन दिसता

आज कोर्टात एका काकांनी मला "नवीन दिसता" म्हटलं. १४ वर्षं झाली हो आमच्या वाटणीच्या दाव्याला! नवीन म्हणे. सकाळपासून तेच डोक्यात फिरून राहिलं.

हाफ डे टाकून, एप्रिलच्या उन्हात तोंडाला दुपट्टा बांधून पोचलो, बाकावर वीतभर जागा दिसली तिथे टेकलो. बाजूला हे काका. घरून आणलेली गादी, पाण्याची कॅन, डबा, सगळा संसार.

"किती वर्षं?"

"१४," जरा छाती काढूनच सांगितलं.

"लेकरू हाय अजून. कोणत्या स्टेजले हाय?"

"साक्षीपुरावा. बाबांचा उलटतपास सुरू झालाय. दोन प्रश्न झाले."

काका हसले. "आमचा प्रिलिमिनरी डिक्री झाला बाप्पा. हिस्से ठरले. आता कमिशनर येऊन घर मोजनार. दावा माह्या बापानं टाकला होता, तो गेला, मंग मी रेकॉर्डवर आलो." रेकॉर्डवर आलो हे असं सांगितलं, जसं काही यूपीएससी निघालं.

मग नागपूरच्या महाल भागातल्या आमच्या घराची चौकशी. म्हटलं, 'जैसे थे'चा आदेश आहे, भिंतीला हात लावता येत नाही. दुरुस्तीच्या परवानगीचा अर्ज टाकला तर त्यावर समोरच्यांचा से, म्हणजे लेखी म्हणणं, यायचाय, त्यात दोन पावसाळे गेले, स्वयंपाकघरात गळतीखाली तीन गंज, म्हणजे पातेली, मांडून आई पोळ्या लाटते. आणि मागच्या भिंतीत पिंपळ उगवलाय तो वेगळाच.

"पिंपळाले पार्टी केलं काय?"

"नाही."

"मंग त्याले आदेश लागू नाही. वाढनारच तो."

यावर काय बोलणार? आणि सांगू का, दिवाणी प्रक्रिया संहितेत २००२ पासून लिहिलेलं आहे की सुनावणीत एका पक्षाला तीनपेक्षा जास्त तहकुबी देऊ नये. २००५ मध्ये सुप्रीम कोर्टाने अगदीच हाताबाहेरच्या कारणांपुरती सवलत ठेवली. आणि आमच्या समोरच्यांचं एकही कारण हातातलं नसते. आज काय, तर त्यांच्या वकिलांच्या पुतणीचं साक्षगंध, म्हणजे साखरपुडा. मागच्या तारखेला त्याच पुतणीचं लग्न होतं. आधी लग्न मग साक्षगंध, हे कोणीच विचारत नाही, आमचे वकीलही नाही, कारण पुढच्या वेळी त्यांना लागणार असते तारीख. बाबा ७८ चे आहेत. दर तारखेला इस्त्रीचा सदरा घालून बसतात आणि मी फोन करून सांगतो, काढा.

पुकारा झाला, दीड मिनिटात जुलैची तारीख मिळाली. म्हणजे पुन्हा गंज.

पाणी पिऊन परत आलो तर माझ्या वीतभर जागेवर काकांचा डबा. म्हटलं, काका, उचला नं जरा.

"जैसे थे हाय," काका म्हणाले आणि पोळीचा तुकडा मोडला.