बेस्टच्या इलेक्ट्रिक बसचा निकाल: यात ‘क्लीन चिट’ कुठे आहे?

बेस्टच्या भाडेतत्त्वावरच्या इलेक्ट्रिक बसचा विषय निघाला की हमखास ऐकू येतं: ‘बेस्टने टाटांना डावललं, हायकोर्टाने त्यांना न्याय दिला, सुप्रीम कोर्टाने तो काढून घेतला आणि हैदराबादच्या कंपनीला क्लीन चिट दिली.’

हायकोर्टापासून सुरुवात करू, कारण तिथली थाप सगळ्यात मोठी आहे. 5 जुलै 2022 रोजी मुंबई उच्च न्यायालयाने टाटा मोटर्सला अपात्र ठरवणं योग्यच मानलं. फक्त इव्ही ट्रान्सची, म्हणजे त्या हैदराबादच्या कंपनीची, निवडही रद्द केली आणि हवं तर नव्याने निविदा काढा, असं बेस्टला सांगितलं. म्हणजे अपात्रतेच्या मुद्द्यावर टाटा दोन्ही न्यायालयांत हरले.

डावललं म्हणावं, तर अट वाचायला हवी. फेब्रुवारी 2022 ची निविदा 1400 वातानुकूलित एकमजली बससाठी होती, चालकासकट. बॅटरीच्या 80 टक्के चार्जमध्ये, प्रत्यक्ष रस्त्यावर, बस सुमारे 200 किलोमीटर धावली पाहिजे, असं तिच्यात होतं. टाटांनी हे अंतर प्रमाणित चाचणीच्या परिस्थितीत देऊ केलं. मुंबईत प्रत्यक्ष रस्ता म्हणजे दिवसभर चालू एसी, खच्चून गर्दी, पावसाळा आणि अंधेरी-कुर्ला रोडची रखडपट्टी. चाचणीतला आकडा तिथे टिकेलच असं नाही, आणि बेस्टला नेमकी तीच हमी हवी होती. अट जाचक वाटली तर हरकत बोलीआधी घ्यायची. बोलीत आपलीच अट घुसवायची नाही.

‘टाटा स्वस्त होते’ हे शेपूट कुणी कुणी जोडतं. तांत्रिक टप्प्यातच बाद झालेल्याचा दर पुढे विचारात घेतला जात नाही, मग तुलना कशाशी केली?

आता क्लीन चिट. 19 मे 2023 रोजी सुप्रीम कोर्टाचे तत्कालीन सरन्यायाधीश चंद्रचूड, न्या. नरसिंह आणि न्या. पारडीवाला यांच्या खंडपीठाने टाटांची अपात्रता कायम ठेवली आणि इव्हीची निवड रद्द करणारा हायकोर्टाचा भाग काढून टाकला. पण न्यायालयाने बस तपासली नाही, दरही पारखला नाही. सरकारी कंत्राट कुणाला द्यायचं, या निर्णयावर न्यायालय अपील ऐकायला बसत नाही. मनमानी, पक्षपात किंवा दुष्ट हेतू होता का, एवढंच बघतं. गंमत अशी, की हे तत्त्व पक्कं करणारा 1994 चा निवाडा ‘टाटा सेल्युलर’ या नावानेच ओळखला जातो.

निकाल मला सगळाच पटतो असंही नाही. बोली उघडल्यानंतर इव्हीचं एक परिशिष्ट बदलून घेतलं गेलं, यावर हायकोर्टाने बोट ठेवलं होतं आणि ते क्षुल्लक नव्हतं. कंत्राटाचं काम बरंच पुढे गेलंय, आता सगळी प्रक्रिया मोडणं लोकहिताचं नाही, हा सुप्रीम कोर्टाचा युक्तिवाद व्यवहार्य आहे खरा. पण अशाने जो आधी काम रेटतो त्याचं फावतं.

आणि निकालाने कंपनी करारातून सुटलेली नाही. बस वेळेवर आल्या नाहीत किंवा वाटेत बंद पडल्या, तर त्याचा जाब बेस्टनेच करारावर बोट ठेवून विचारायचा आहे. त्यासाठी कोणत्याही न्यायालयाने बेस्टचा हात धरलेला नाही.