चेपलेला रविवार

भाचा न्यू ऑर्लिन्सला असतो. गेल्या आठवड्यात त्याने व्हिडिओ कॉलवर हातभर लांब पाव दाखवला, आत तळलेली कोळंबी खच्चून भरलेली. त्याला तिकडे 'पो-बॉय' म्हणतात. सांगतात ते असं, की १९२९ साली तिथे ट्रामवाल्यांचा संप झाला, तेव्हा मार्टिन नावाच्या दोन भावांनी संपकऱ्यांना फुकट सँडविच खिलवली. दारात संपकरी दिसला, की 'आला बघा आणखी एक बिचारा!' अशी आत आरोळी जायची. बिचारा म्हणजे 'पुअर बॉय', त्याचंच पुढे 'पो-बॉय' झालं.

मी म्हटलं, कोळंबी काय कोणीही भरेल. मी बोंबील भरतो.

मासेमारीबंदीचे ६१ दिवस सुकटावर काढलेला माणूस १ ऑगस्टनंतर असंच काहीतरी बोलतो. श्रावणाचा प्रश्न नव्हता. आईच्या मते श्रावण फक्त सोमवारी आणि शनिवारी असतो.

कोळीणबाईंनी बोंबील साफ करून, पोटं फाडून दिले. "दादा, पानी नीट काढ हां, नायतर खिमा होल," एवढंच म्हणाल्या. मी मान हलवली. बोंबील म्हणजे नावाला मासा, बाकी पाणीच, हे मलाही ठाऊक होतं. फक्त किती, ते ठाऊक नव्हतं.

पूर्वी हळद-मीठ लावून दोन ताटांत घालायचे आणि वर पाटा ठेवायचे. आमचा पाटा फ्लॅटमध्ये येताना भंगारात गेला. म्हणून मी ताटावर मोठा कुकर ठेवला आणि वजन यावं म्हणून त्यात काठोकाठ पाणी भरलं. पाणी काढायला पाणी! अर्ध्या तासाने ताटातून ओघळ निघाला तो ओट्यावरून खालच्या ड्रॉवरमध्ये, चमच्यांत. ते धुवायला नळ सोडला, तर नळाने फुस्स केलं. रविवारी पाणी दहाला जातं. घरात पाणी उरलं होतं ते दोनच ठिकाणी, कुकरमध्ये आणि बोंबलांत.

कुकर उतरवून त्यातच हात बुचकळले.

मग आलं-लसूण-मिरची-कोथिंबिरीचं वाटण, चमचाभर आगळ, वर रवा आणि तांदळाचं पीठ. इथवर सगळं बरं होतं. तव्यात पहिला बोंबील सोडला आणि तेल असं तडतडलं, की मी झाकण ढालीसारखं धरून उभा राहिलो. उलथनं घातलं. निम्मा बोंबील वर आला, निम्मा तव्यालाच राहिला.

"अरे, त्याला डिवचू नकोस," आई बाहेरून म्हणाली. तिला तडतडण्यावरून कळतं. "कड सुटली की तो आपला आपण उलटतो. आच कमी कर."

दुसरा खरोखरच उलटला. तिसरा तर इतका कुरकुरीत झाला, की मी त्याचा फोटो काढायला गेलो, पण अंगठ्याला पिठाचा थर आणि फोन मला ओळखेना.

लादीपाव कापला. हिरवी चटणी, कांद्याच्या चकत्या, लिंबू, मधोमध बोंबील. तोंड वासून मोठा घास घेतला. दात पावात रुतले मात्र, आतला मऊसूत बोंबील मागच्या दाराने सटकला आणि पांढऱ्या बनियनवर पडला. हातात चटणीने भिजून लगदा झालेला पाव. दुसऱ्या वेळी मागून बोट लावून धरलं, तर तो बाजूने गेला. कोळंबी निदान जागेवर बसते. या माशाला बसायला हाडच नाही धड.

आईने उरलेले बोंबील ताटात घेतले, सोबत भात आणि सोलकढी. "चांगले झालेत हो," ती म्हणाली. "पाव तेवढा ने तुझा."

तेवढ्यात भाच्याचा कॉल. "मामा, दाखव ना!"

मी पाव दाखवला.

"आतलं कुठाय?"

मी फोन त्याच्या आजीकडे वळवला. तिने ताट हळूच जवळ ओढलं.