अपील केलंय म्हणे!

भाऊ अपघातात गेला, भरपाईचा निवाडा वहिनीच्या बाजूनं झाला, पण विमा कंपनी पैसे देईना. कोर्टात कंपनीच्या वकिलाचं एकच: "अपील केलंय, साहेब." झालं. घ्या पुढची तारीख.

अहो, केलंय तर केलंय, स्थगिती कुठाय? दोन वर्षं हेच विचारतोय. स्थगितीचा कागद दाखवा, मी गपगुमान घरी जातो. नुसतं अपील ठोकल्यानं वसुली थांबत नाही. दिवाणी प्रक्रिया संहिता, ऑर्डर 41 नियम 5. माझ्यासारख्या बारावी नापासालाही पाठ झालाय.

आज तर कळस झाला. वहिनी सव्वासहाच्या एसटीनं आली, रोजगार बुडवून. अकरापासून बाकावर. साडेतीनला पुकारा झाला आणि विमा कंपनीच्या वकिलानं पुढं केली एक झेरॉक्स. अर्धवट उमटलेला गोल शिक्का आणि नुसता स्टॅम्प नंबर! म्हणजे हायकोर्टात अपील अजून रजिस्टरसुद्धा नाही. हायकोर्टाच्या ऑफिसनं काढलेल्या हरकती तशाच, वर विलंबमाफीचा अर्ज. 90 दिवसांत यांना अपील जमलं नाही, पण आमच्या दरखास्तीत, म्हणजे वसुलीच्या अर्जात, तारीख मागायला वेळेवर हजर.

निवाडा अठरा लाखांचा. अपिलासाठी भरले 25,000. कायदाच तसा आहे, पंचवीस हजार किंवा निम्मी रक्कम, "जे कमी असेल ते". हे ज्यानं लिहिलं त्याला वहिनीशेजारी बसवा एक दिवस, पंखा बंद असलेल्या बाजूला. मोटार वाहन कायद्याचं कलम 168 म्हणतं, 30 दिवसांत रक्कम जमा करा. कुणाला म्हणतं कोण जाणे. कलम 174 खाली कलेक्टरकडे वसुली दाखला पाठवा म्हणून आमचा अर्ज पडून आहे. महसुलाच्या थकबाकीसारखी वसुली करायची म्हणे. आमच्या सातबाऱ्यावर थकबाकी असती तर तलाठी चहाच्या आधी दारात आला असता.

आणि गावात? "अठरा लाख आले" अशी बोंब. दोघं उसने मागून गेले. एक तर सोयरा, त्याला भावाच्या दहाव्याला यायला जमलं नव्हतं.

आमचे वकील "बघू" म्हणतात. सहा वर्षांत त्यांच्या तोंडून दुसरा शब्द ऐकला नाही.

कोर्टाबाहेर त्या कंपनीच्या वकिलाला गाठायचंच म्हणून बाह्या सरसावून गेलो. बघतो तर तेविसेक वर्षांचं पोर, खांद्यावर सीनियरच्या फायलींच्या दोन पिशव्या. मला बघून हसलं. "काका, सकाळी थँक्यू हां."

तेव्हा ट्यूब पेटली. सकाळी गेटवर "झेरॉक्स कुठं मिळेल?" विचारणारा हाच. मीच कोपऱ्यावरच्या दुकानापर्यंत सोडला होता. सुट्टे नव्हते म्हणून दोन रुपयेही मीच दिले होते. आमच्या वसुलीला खीळ घालणारा कागद माझ्याच पैशानं निघाला!

वहिनीला सांगितलं नाही. एसटीत ती खिडकीला डोकं टेकून झोपली होती. तेवढ्यात मोबाइल वाजला, त्याच कंपनीचा मेसेज. माझ्या मोटारसायकलचा विमा उद्या संपतोय, आजच हप्ता भरा.

भरला. काय करता!