कॅव्हेंडिशच्या एकटेपणावरील प्रतिक्रियेला उत्तर

महोदय,

शास्त्रज्ञ हेन्री कॅव्हेंडिशच्या विक्षिप्त सवयींवरील माझ्या लेखाबद्दल आपण लिहिले आहे, ‘ज्याला माणसे नकोच होती, त्याला एकाकी ठरवून गळा काढणे हा रिकामटेकडा उद्योग आहे.’ मतभेदाचे मला वावडे नाही. पण ‘गळा काढणे’ आणि ‘रिकामटेकडा’ हे शब्द आपण समोरासमोर बसून उच्चारले असते का, याची मला शंका आहे. लेखाचे शीर्षक थोडे भावुक झाले, एवढे मान्य करतो.

आता ‘नकोच होती’ याविषयी. जेवणात काय हवे ते मेजावर चिठ्ठी ठेवून कळवणारा, मोलकरीण समोर येऊ नये म्हणून ज्याने घराला दुसरा जिना बांधून घेतला असे सांगतात, तोच हा माणूस रॉयल सोसायटी या लंडनच्या विज्ञानसंस्थेच्या क्लबात दर गुरुवारी नेमाने जेवायला जात असे. त्याच्यावर कोणाची सक्ती नव्हती आणि पैशाची ददात तर नव्हतीच; १८१० साली तो वारला, तेव्हा इंग्लंडातील बड्या श्रीमंतांत त्याची गणना होत होती. त्याच्याशी बोलायचे तर त्याच्याकडे न पाहता, जणू शून्यात बोलावे, असे जाणते लोक नवख्यांना सांगत. विषय त्याच्या आवडीचा असला, तर कदाचित उत्तर मिळे. माणसे नकोशी असलेला मनुष्य क्लॅपहॅमच्या घरातली आपली प्रयोगशाळा सोडून त्या पंगतीला कशाला जाईल, हे आपण सांगितलेले नाही.

मी केवळ पुस्तकी बोलतो असे वाटत असेल, तर माझे बालपण गिरगावातील चाळीत, अविवाहित आत्याच्या खोलीत गेले आहे. शेजारणी तांदूळ निवडायला बसत, नेमकी तीच वेळ साधून ती गॅलरीत येई, आणि कोणी नाव घेऊन हाक मारली की आत निघून जाई. पुढे शेजारणी तिला विचारायचे ते एकमेकींना विचारू लागल्या, आणि आत्या कठड्याकडे पाहत उत्तरे देऊ लागली. तिच्यासोबत मी राहिलो आहे, आपण नाही. तेव्हा कोणाला माणसे हवी असतात आणि कोणाला नको, हे मला शिकवण्याची तसदी आपण घेतली नसती तरी चालले असते.

कॅव्हेंडिशला ॲस्पर्जर, म्हणजे स्वमग्नतेचा (ऑटिझमचा) एक प्रकार असावा, ही मेंदूविकारतज्ज्ञ ऑलिव्हर सॅक्स यांनी २००१ मध्ये मांडलेली शक्यता मला ठाऊक आहे. तिने त्या सवयींचे कारण कदाचित कळेल. गुरुवारच्या जेवणाची ओढ त्यामुळे खोटी ठरत नाही. लेखाची लांबी, माझे वय आणि माझे शुद्धलेखन यांवरील टोमण्यांना उत्तर देत बसण्याइतका वेळ माझ्यापाशी नाही.