‘कोणतीही बायोस चालते’ हा सल्ला का चुकीचा आहे

पहिल्या प्लेस्टेशनचे खेळ संगणकावर खेळू पाहणाऱ्यांना सर्रास एक सल्ला दिला जातो : बायोसची (कन्सोल सुरू करणाऱ्या त्याच्या अंगभूत प्रोग्रामची) कोणतीही फाइल उतरवून घ्या, एम्युलेटर (संगणकावर कन्सोलची नक्कल करणारा प्रोग्राम) मागेल ते नाव तिला द्या, म्हणजे सगळे खेळ चालतात, तिच्याशिवाय मात्र काहीच चालत नाही आणि कन्सोल इतका जुना असल्याने तिच्यावर कोणाचा हक्कही उरलेला नाही.

यातला ‘कोणतीही’ हा शब्द सर्वाधिक घोळ घालतो. रेट्रोआर्च या अनेक एम्युलेटर एकाच जागी चालवणाऱ्या प्रोग्राममधला बीटल पीएसएक्स हा कोअर (म्हणजे त्यात जोडलेला एक एम्युलेटर) एरवी डिस्कचा प्रदेश ओळखून बायोस निवडतो : जपानसाठी एससीपीएच-५५०० या कन्सोल-मॉडेलची, अमेरिकेसाठी ५५०१ आणि युरोपसाठी ५५०२. जपानी फाइलला युरोपीय नाव दिल्याने तिच्यातला कोड बदलत नाही. उलट पुढे खेळ अडकला, तर दोष डिस्कच्या प्रतीत आहे की बायोसमध्ये, हे उलगडणे अवघड होऊन बसते. या तिन्ही फाइली नेमक्या ५,२४,२८८ बाइटच्या असल्यामुळे आकार जुळला म्हणजे फाइल बरोबर, हा तर्कही टिकत नाही. एमडी५ बेरीज, म्हणजे फाइलच्या आशयावरून काढलेली, तिची ओळख पटवणारी अक्षर-अंकांची मालिका, ताडून पाहावी. ५५०१ची बेरीज ‘४९०एफ६६६ई’ने सुरू होते. विंडोजवर हे काम सर्टयूटिल ही आज्ञा करते. त्यानंतर फाइल झिपमधून बाहेर काढून थेट रेट्रोआर्चच्या सिस्टिम फोल्डरमध्ये ठेवावी आणि नाव रोमन लिपीत, लहान अक्षरांत लिहावे, कारण लिनक्स लहान-मोठ्या अक्षरांत भेद करते, विंडोज सहसा करत नाही.

‘तिच्याशिवाय काहीच चालत नाही’ हेही खरे नाही. पीसीएसएक्स रीआर्म्ड या कोअरमध्ये बायोसचा पर्यायी कोड अंगभूत आहे. त्यावर बरेच खेळ चालतात, काही अडतात, म्हणून खरी बायोस अधिक भरवशाची, एवढेच म्हणता येईल.

हक्काच्या मुद्द्यावर प्लेस्टेशन बनवणारी सोनी विरुद्ध त्याचा एम्युलेटर विकणारी कनेक्टिक्स या खटल्याचा दाखला हमखास दिला जातो, पण तो बहुधा अर्धवट वाचलेला असतो. अमेरिकेतील अपील न्यायालयाने २००० साली कनेक्टिक्सच्या बाजूने कौल दिला, तो बायोसचा अभ्यास करताना घेतलेल्या मधल्या प्रतींपुरता. विकल्या गेलेल्या एम्युलेटरमध्ये सोनीचा कोड नव्हताच. भारतातही १९५७च्या कॉपीराइट कायद्याचे कलम ५२ राखीव प्रत काढण्याची मुभा देते, ती संगणक-प्रोग्रामची प्रत कायदेशीरपणे जवळ असणाऱ्याला. स्वतःच्या कन्सोलमधून काढलेली फाइल आणि कुठल्याशा संकेतस्थळावरून उतरवलेली फाइल बाइट-बाइट सारखी असली, तरी ही मुभा दुसरीला आपोआप लागू होत नाही.