‘टाचण्या टोचून कुठं क्रांती होते?’: एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार काका,

तुम्ही साताऱ्याचे निवृत्त शिक्षक, माझ्या वडिलांच्या वयाचे, असं तुम्हीच लिहिलंय म्हणून काका म्हणतोय. राग मानू नका. प्रतिक्रियेखाली चार ओळी लिहायला बसलो होतो, त्या लांबत गेल्या. म्हणून ही वेगळी पोस्ट.

ज्यांनी ती प्रतिक्रिया वाचली नसेल त्यांच्यासाठी: मागच्या लेखात मी पंक संगीत, म्हणजे सत्तरच्या दशकातलं ते आरडाओरडीचं, बंडखोर रॉक, आणि त्याभोवतीच्या राजकारणाबद्दल लिहिलं होतं. काकांचं म्हणणं असं की हे सगळे पोट भरलेल्या गोऱ्या पोरांचे चोचले. केस उभे केले, कानाला टाचण्या टोचल्या आणि चार शिव्या हासडल्या की राजकारण होत नाही. त्यातले काही तर हिटलरचं चिन्ह अंगावर मिरवत होते. एक कायदा बदलला नाही, उलट तेच कपडे आज मॉलमध्ये मिळतात. ज्या मातीत सत्यशोधक जलसे झाले, पत्री सरकार उभं राहिलं, तिथल्या माणसानं हे उसनं सोंग कशाला आणावं? आणि शेवटी, मिरजेच्या ज्या पोरांचं मी कौतुक केलं त्यांनी गिटार बडवण्यापेक्षा पोवाडा शिकावा.

गोऱ्या पोरांच्या चोचल्यांपासून सुरुवात करतो, कारण तिथं तुमच्या म्हणण्यात दम आहे. ‘द क्लॅश’ या लंडनच्या पंक बँडचा गायक ज्यो स्ट्रमर, ज्याला अख्खं जग रस्त्यावरच्या माणसाचा आवाज म्हणतं, तो परराष्ट्र खात्यातल्या अधिकाऱ्याचा मुलगा, बोर्डिंग शाळेत शिकलेला. ‘सेक्स पिस्टल्स’ या दुसऱ्या बँडचा मॅनेजर माल्कम मॅक्लारेन याचं आणि व्हिव्हियन वेस्टवूडचं लंडनच्या किंग्ज रोडवर कपड्यांचं दुकान होतं. बँडमुळं दुकानाची जाहिरात होत होती, हे त्यानं कधी लपवलंही नाही. पण त्याच बँडचा गायक जॉन लायडन आयरिश स्थलांतरित मजुराचा पोरगा. १९७६ साली ब्रिटनमध्ये बेकारांचा आकडा दहा लाखांवर गेला होता आणि सरकार आंतरराष्ट्रीय नाणेनिधीच्या दारात कर्जासाठी उभं होतं. शाळेतून बाहेर पडणाऱ्या पोरांना पुढं काहीच दिसत नव्हतं. राणीच्या राज्यारोहणाला २५ वर्षं झाली म्हणून १९७७ मध्ये गल्लोगल्ली पताका लागल्या, तेव्हा याच बँडनं राणीवर गाणं काढलं. बीबीसीनं ते वाजवायला नकार दिला, तरी ते विक्रीच्या यादीत दुसऱ्या क्रमांकावर गेलं.

आणि सगळे गोरे कुठं होते? ‘एक्स-रे स्पेक्स’ बँडची गायिका पॉली स्टायरीन घ्या. वडील सोमाली, स्वतः ब्रिक्स्टनमध्ये वाढलेली. दातांना तारा, अंगावर भडक प्लास्टिकचे कपडे, आणि गाणी बाजारानं बाईला कसं वस्तू करून टाकलंय त्यावर. संगीत कंपन्यांना गायिका म्हणून जी बाई हवी असते तिच्यात ही कुठंच बसत नव्हती, आणि बसायचं तिच्या डोक्यातही नव्हतं. १९७८ मध्ये मार्गारेट थॅचरबाई, तेव्हाच्या विरोधी पक्षनेत्या, टीव्हीवर म्हणाल्या की वेगळ्या संस्कृतीच्या लोकांचा लोंढा येईल अशी इथल्या माणसांना भीती वाटते. लंडनमधल्या पाकिस्तानी घरांतल्या पोरांनी ‘एलियन कल्चर’ नावाचा पंक बँड काढून त्याला उत्तर दिलं. वॉशिंग्टनच्या ‘बॅड ब्रेन्स’ बँडमधले सगळे कृष्णवर्णीय. जोहान्सबर्गमध्ये १९७९ साली ‘नॅशनल वेक’ हा काळ्या-गोऱ्यांचा मिळून बँड निघाला, तोही अशा देशात जिथं दोघांच्या राहायच्या वस्त्यासुद्धा कायद्यानं वेगळ्या होत्या. तिथं एका मंचावर उभं राहणं हाच गुन्ह्याच्या जवळ जाणारा प्रकार होता, गाणं पुढची गोष्ट.

आता ते चिन्ह. ‘सेक्स पिस्टल्स’चा सिड व्हिशस, गायिका स्यूझी सू यांनी नाझी स्वस्तिक लावलं होतं हे खरं. त्याची सफाई मी देणार नाही. बॉम्बवर्षाव सोसलेल्या आईबापांना डिवचायला म्हणून लावलं, असं त्यांचे चाहते सांगतात. असेल. पण छळछावणीतून वाचलेला माणूस त्याच रस्त्यानं जात असेल तर त्याला तुमचा हेतू काय दिसणार? शिवाय खरोखरच्या नाझींना या गर्दीत शिरायला त्यानं वाट मिळाली. ‘स्क्रूड्रायव्हर’ हा बँड पंक म्हणून सुरू झाला आणि उघड वंशद्वेषी होऊन बसला.

पण गोष्ट तिथं थांबत नाही. १९७६ च्या ऑगस्टमध्ये नावाजलेला रॉक गिटारवादक एरिक क्लॅप्टननं बर्मिंगहॅमच्या मंचावरून परदेशी लोकांना हाकला अशा अर्थाची गरळ ओकली. हा तोच क्लॅप्टन, ज्याची सगळी कमाई अमेरिकेतल्या काळ्यांच्या ब्लूज संगीतावर उभी आहे. त्यावर काही लोकांनी संगीताच्या साप्ताहिकांना पत्र लिहिलं आणि त्यातून ‘रॉक अगेन्स्ट रेसिझम’ हे वंशद्वेषविरोधी आंदोलन उभं राहिलं. ३० एप्रिल १९७८ ला लंडनमध्ये ट्रफाल्गर चौकातून व्हिक्टोरिया पार्कपर्यंत मोर्चा निघाला. तिथं क्लॅश, एक्स-रे स्पेक्स आणि ‘स्टील पल्स’ हा रेगे बँड एकाच मंचावर, आणि समोर ८० हजारांच्या आसपास माणसं. पुढच्या वर्षीच्या निवडणुकीत नॅशनल फ्रंट या वंशद्वेषी पक्षानं तीनशेवर उमेदवार उभे केले, एकही निवडून आला नाही. याचं सगळं श्रेय गाण्यांना देणारे लेख मी वाचलेत, ते मला पटत नाहीत. फ्रंटची बरीच मतं थॅचरबाईंनीच ओढून नेली. तरी ज्या वयाची पोरं फ्रंटला हवी होती, ती त्या दिवशी व्हिक्टोरिया पार्कात होती, एवढं मोजायला हरकत नाही.

‘एक कायदा बदलला का?’ या तुमच्या प्रश्नाला सरळ उत्तर: नाही. माझ्या माहितीत तरी नाही. जेलो बियाफ्रा हा ‘डेड केनेडीज’ या अमेरिकन पंक बँडचा गायक १९७९ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोच्या महापौरपदाला उभा राहिला आणि चौथा आला, तेही अर्धी थट्टा म्हणून. संघटना बांधणं, मागण्यांची यादी करणं, ती वर्षानुवर्षं लावून धरणं हे पंकला जमत नाही आणि बहुतेकदा नकोच असतं. याला तुम्ही दोष म्हणा, मी फारसा भांडणार नाही.

मला त्यात जे दिसतं ते निराळ्या जागी आहे. मँचेस्टरच्या ‘बझकॉक्स’ या बँडनं ओळखीपाळखीत ५०० पौंड उसने काढून १९७७ च्या जानेवारीत स्वतःची तबकडी काढली. कुठल्या कंपनीच्या पायऱ्या झिजवल्या नाहीत. तिच्या वेष्टनावर प्रत्येक गाण्यापुढं छापलं होतं की हे कितव्यांदा वाजवलेलं आहे आणि त्यावर नंतर काही चढवलंय का. म्हणजे ऐकणाऱ्याला कळावं की हे असं होतं, तुलाही जमेल. मार्क पेरी हा बँकेतला कारकून. त्यानं १९७६ मध्ये ‘स्निफिंग ग्लू’ नावाचं पंकवरचं पत्रक टाइप करून झेरॉक्स काढून वाटलं आणि वाचकांना सांगितलं, माझंच वाचत बसू नका, तुमचं काढा. ‘क्रास’ हा इसेक्सच्या एका जुन्या शेतघरात एकत्र राहणारा युद्धविरोधी बँड. ते तबकडीच्या वेष्टनावरच किंमत छापायचे, यापेक्षा जास्त देऊ नका म्हणून. दुकानदारानं वर चार पैसे लावायची सोयच ठेवली नाही.

या ठिकाणी मला माझ्या सांगली जिल्ह्याचा माणूस आठवतो, आणि इथंच तुमच्या ‘उसन्या सोंगा’ला उत्तर आहे. राजा ढाले नांद्र्याचे. सांगलीतून अर्ध्या तासावर. साठच्या दशकात त्यांनी आणि त्यांच्या मित्रांनी पदरमोड करून लघुअनियतकालिकं काढली. ‘येरू’ हे ढाल्यांचं. अंक कधी निघेल, पुढचा निघेल का, कशाचाच भरवसा नाही. प्रतिष्ठित मासिकांनी छापावं म्हणून वाट बघत बसण्याऐवजी त्यांनी ‘सत्यकथे’चा अंक जाळला. पुढं १९७२ च्या १५ ऑगस्टला ‘साधना’त त्यांचा ‘काळा स्वातंत्र्यदिन’ आला. ध्वजाच्या अपमानाला ३०० रुपये दंड आणि दलित बाईचं लुगडं फेडणाऱ्याला ५०, हा हिशेब त्यांनी मांडला आणि अख्खा महाराष्ट्र हादरला. लंडनमधलं राणीवरचं गाणं त्यानंतर पाच वर्षांनी आलं.

थांबा, मी आता ‘आपल्याकडे हे आधीच होतं’ म्हणणार असं तुम्हाला वाटलं असेल. ते मी म्हणणार नाही. ढाले ज्या दलित पँथरचे एक संस्थापक, तिला पंक म्हणणं म्हणजे पँथरचा अपमान आहे. तिथं गावोगाव अत्याचार झाला की कार्यकर्ते जाऊन उभे राहत होते, डोकी फुटत होती. आणि पत्री सरकार तर खरोखरचं सरकार होतं: न्यायनिवाडे, तुफान सेना, सगळं. क्रांतिसिंह नाना पाटलांच्या शेजारी सिड व्हिशसला उभा करायला मला वेड लागलेलं नाही. साम्य आहे ते एवढंच की ढाल्यांनी आणि त्या बँकेतल्या कारकुनानं कुणाची परवानगी मागितली नाही. हे जर दोन्हीकडं आपापलं उगवलं असेल तर उसनं कुणी कुणाकडून घेतलं, सांगा.

आता कपडे आणि मॉल. लायडननं २००८ मध्ये लोण्याची जाहिरात केली. ‘रामोन्स’ या अमेरिकन पंक बँडचा जॉनी रामोन कट्टर रिपब्लिकन, बँडच्या सत्काराच्या मंचावरून त्यानं बुशसाहेबांचं भलं चिंतलं. २०१६ मध्ये लंडनमध्ये पंकची चाळिशी थाटात साजरी झाली, तेव्हा मॅक्लारेन-वेस्टवूड यांच्या मुलानं चिडून आपल्याकडच्या जुन्या वस्तूंची थेम्स नदीत होडीवर होळी केली. किंमत म्हणे ५० लाख पौंड. मला तोही तमाशाच वाटला. मॉलचा मुद्दा तुमचा, घ्या.

पण काका, टाचण्या टोचून राजकारण होत नाही असं म्हणताना तुमच्या डोळ्यांपुढं फक्त लंडन आहे. इंडोनेशियाच्या आचे प्रांतात २०११ च्या डिसेंबरमध्ये अनाथ मुलांच्या मदतीसाठी एक कार्यक्रम चालला होता. पोलिसांनी तिथून साठहून जास्त पंक पोरापोरींना उचललं. गुन्हा कसलाच नोंदवला नाही. पोरांची डोकी भादरली, पोरींचे केस कापले, तळ्यात बुचकळून काढलं, अंगावरचे कपडे-साखळ्या काढून घेतल्या आणि ‘सुधारण्यासाठी’ दहा दिवस पोलीस प्रशिक्षण केंद्रात ठेवलं. नुसते केस उभे करणं इतकं निरुपद्रवी असेल तर सरकारला वस्तरा का काढावा लागला?

त्याच देशातलं ताजं उदाहरण ‘सुकातानी’ या पंक बँडचं. पुरबालिंगा या लहान गावातले दोघंच, एक गायिका आणि एक गिटारवाला. तोंडाला टोपड्यासारखे बुरखे लावून वाजवायचे आणि कार्यक्रमात समोरच्यांना भाजी वाटायचे, शेतकऱ्यांची म्हणून. त्यांचं एक गाणं पोलिसांच्या चिरीमिरीवर: हे करायचं, पोलिसाला पैसे द्या, ते करायचं, पोलिसाला पैसे द्या. २० फेब्रुवारी २०२५ ला दोघांचा एक व्हिडिओ आला. बुरखे काढलेले, खरी नावं सांगितलेली, पोलीसप्रमुखांची माफी मागतायत आणि गाणं मागं घेतायत. गायिका शाळेत शिक्षिका होती, ती नोकरीही गेली. त्याच दिवसांत विद्यार्थ्यांचे सरकारविरोधी मोर्चे चालू होते. ज्यांनी आयुष्यात पंक ऐकलं नसेल ती पोरं रस्त्यावर तेच गाणं ओरडू लागली. गवगवा झाल्यावर पोलीसप्रमुखांनी या दोघांना पोलिसांचे ‘दूत’ करायची तयारी दाखवली. त्यांनी नको म्हणून सांगितलं. हे माझ्या लेखी राजकारण आहे. म्यानमारमध्ये ‘रिबेल रायट’ या पंक बँडची पोरं यांगूनच्या फुटपाथवर झोपणाऱ्यांना जेवण वाढत फिरायची, तेही.

उरली मिरजेची पोरं. सतारमेकर गल्लीच्या मागं एका माळ्यावर ती सराव करतात. खाली सतारीचे भोपळे वाळत ठेवलेले, वर एक तडकलेली झांज, पूर्ण ड्रमसेट घ्यायला पैसे नाहीत म्हणून हलगी. हलगी वाजवणारा पोरगा लग्नाच्या वरातीत वाजवून पैसे कमावतो, त्याला पोवाड्याचा ताल तुमच्या-माझ्यापेक्षा चांगला येतो. त्यांच्या ज्या गाण्याबद्दल मी लिहिलं त्यात शब्द जवळपास नाहीतच. ऊस गाळपाला गेला की १४ दिवसांत पैसे द्यायचे असा १९६६ च्या ऊस नियंत्रण आदेशातला नियम आहे. गिटारवाल्याच्या वडिलांचं बिल एका कारखान्यानं असंच अडकवून ठेवलंय. तर गाणं असं: एक, दोन, तीन करत चौदापर्यंत मोजायचं, मग क्षणभर सगळं बंद, मग पंधरा, सोळा, सतरा… आणि प्रत्येक आकड्याला आवाज चढत जातो. घसा बसेपर्यंत. शिवी एकही नाही, हे तुमच्या माहितीसाठी.

याचा पोवाडा होऊ शकतो का? होईल की. पण पोवाड्यात नायक लागतो, आणि या गोष्टीत नायक कोण, ते त्या पोरांनाही सापडलेलं नाही. तुम्हाला सुचला तर कळवा, मी निरोप पोचवतो. शनिवारी संध्याकाळी ती माळ्यावर असतात. तुम्ही मिरजेला येणार असाल तर आधी फोन करा, जिना अरुंद आहे आणि दिवा नाही.